ओढ्याकाठची टाचणी

दरसाल २ जानेवारीस सिद्धगडाशी माणसे जमतात. १९४३ साली त्याच दिवशी भाई कोतवाल व हिराजी पाटील यांनी तेथील रानात देह ठेवला. तिकडे जाणाऱ्याने वाटेवर पाण्याकाठचे गवतही न्याहाळावे. काडीएवढ्या पिवळ्या देहाची टाचणी तेथे दिसावी. चतुराची ही धाकटी बहीण. तो पंख पसरून बसतो, ही मिटून पाठीवर घेते. तिची प्रजाती सेरिअॅग्रिऑन. आफ्रिकेपासून ऑस्ट्रेलियापर्यंतच्या उष्ण प्रदेशांत ती पसरलेली आहे.

दिसावयास नाजूक, पण तिला गरीब समजू नये! तिचे पिलू पाण्यात वाढते, शेपटीकडील तीन पानांसारख्या कल्ल्यांनी श्वास घेते आणि खालचा ओठ चिमट्यासारखा पुढे फेकून डासांच्या अळ्या पकडते. (नगरपालिकांनी तिला पगारच द्यावयास हवा.)

कर्नल फ्रेझरने १९३३ ते १९३६ या काळात चतुर-टाचण्यांवर तीन खंड लिहिले. तरीही याच प्रजातीतील एक जात सिंधुदुर्गात शास्त्राला ठाऊक झाली ती २०१९ साली! मग मुरबाड-शहापूरचे ओढे, तळी आपण कितीशी पाहिली आहेत? आटलेले पाणी पावसाने पुन्हा भरते. पण टाचणी अंडी घालते पाणवनस्पतींच्या देठांत, आणि काठ साफ करावयाचा म्हणून आम्ही प्रथम उपटतो ते हेच देठ.