पुढं पाठवण्याआधी

आम्ही घनसावंगीतल्या बचत गटाच्या बाया. आज एका सिनेमाबद्दल आणि आमच्याच एका चुकीबद्दल बोलणार आहोत.

सिनेमाचं नाव ‘द सोशल डिलेमा’. हा गोष्टीचा सिनेमा नाही, माहितीपट आहे. जेफ ऑर्लोव्स्की यांनी तो २०२० साली आणला. त्याआधी त्यांनी वितळणाऱ्या बर्फावर आणि समुद्रातल्या मरणाऱ्या प्रवाळांवर माहितीपट केले होते. या खेपेला त्यांनी कॅमेरा वळवला मोबाईलकडं. गुगल, फेसबुक, ट्विटर अशा कंपन्यांत काम केलेली माणसंच त्यात आतली गोष्ट सांगतात.

गटातल्या एकीच्या लेकीनं लॅपटॉप आणला. ती मधेमधे थांबवून अर्थ सांगायची. आम्हाला कळलं ते असं: फेसबुक, यूट्यूब आपल्याला फुकट मिळतं, कारण कंपनी आपलं लक्ष जाहिरातवाल्यांना विकते. आपण जितका वेळ बघू, तितकी तिची कमाई. म्हणून कशावर आपली नजर थांबते हे यंत्र टिपून ठेवतं आणि तसंच आणखी समोर आणतं. भीती आणि राग यांवर नजर जास्त थांबते. खरं-खोटं यंत्राला कळत नाही.

सिनेमा संपला तरी कुणी उठलं नाही. सगळ्यांना २०१८ चा पावसाळा आठवला.

तेव्हा व्हॉट्सॲपवर निरोप फिरत होता, पोरं पळवणारी टोळी आलीय म्हणून. आम्हीही तो पुढं पाठवला. काळजीपोटीच पाठवला. दोन दिवसांनी सुया, पोत, बिब्बे विकणारी बाई गल्लीत आली. दरसाल यायची. कडेवर तिचंच लेकरू. पोरांनी तिला अडवलं, “हे लेकरू कुणाचं?” बघता बघता गर्दी जमली. आमच्यातल्या दोघी-तिघीही ओट्यावरून बघत उभ्या होत्या. शेवटी एक म्हातारी पुढं झाली. तिच्याकडं मोबाईल नव्हता. “अरे, ही आपली बिब्बेवाली, मी हिला ओळखते,” म्हणाली आणि तिला घरात नेऊन पाणी दिलं.

आमच्या गल्लीत ती म्हातारी होती. धुळे जिल्ह्यातल्या राईनपाड्यात पाच जणांना ओळखणारं कुणीच नव्हतं. १ जुलै २०१८, रविवार, बाजाराचा दिवस. नाथपंथी डवरी गोसावी समाजाचे पाच जण भिक्षा मागत तिथं आले होते. पोरं पळवणारे समजून जमावानं त्यांना ग्रामपंचायतीच्या खोलीत कोंडून ठार मारलं.

त्या काळात देशभर फिरलेला एक व्हिडिओ पाहा. मोटारसायकलवरचे दोघे रस्त्यावरचं लेकरू उचलून नेतात. तो मुळात पाकिस्तानातल्या कराचीत मुलांच्या सुरक्षेसाठी केलेला छोटा सिनेमा होता. शेवटी ते दोघे लेकराला परत आणून सोडतात आणि सावध राहा असा फलक दाखवतात. कुणीतरी तो शेवट कापला. शिकवण्यासाठी केलेली फिल्म शेवट कापल्यावर घाबरवायला लागली.

फेसबुकवर काय दाखवायचं ते यंत्र ठरवतं. व्हॉट्सॲपच्या गटात काय पाठवायचं ते मात्र आपण ठरवतो. तिथला मजकूर कंपनीही वाचू शकत नाही. शिवाय निरोप बहिणीकडून, जावेकडून आला की तो आपल्याला खराच वाटतो. जुलै २०१८ मध्ये व्हॉट्सॲपनं भारतात एका वेळी पाचच ठिकाणी निरोप पुढं पाठवण्याची मर्यादा घातली. पण पाच ठिकाणी म्हणजे पाच गट असतील तर किती घरं झाली, हिशेब करा.

म्हणून आम्ही गटात नियम केला. निरोप आला की तीन गोष्टी विचारायच्या: हे कुणी डोळ्यांनी पाहिलं? कोणत्या गावात? कोणत्या तारखेला? उत्तर नसेल तर निरोप आपल्यापाशीच थांबवायचा. खरंच संशय आला तर ११२ ला फोन करायचा, गर्दी जमवायची नाही. आणि चूक पाठवलं असेल तर त्याच गटात “ते खोटं होतं” असं लिहायचं. हे सगळ्यात जड जातं, पण करायचं.

ती बिब्बेवाली त्या दिवशी पाणी पिऊन गेली, ती परत आमच्या गल्लीत आली नाही. तुमच्या गावाला येत असेल, तर तिला सांगा, घनसावंगीच्या बाया वाट बघतात.