हाक वेळेवर पडली पाहिजे



टोकियोच्या गिंझा भागात काबुकी या पारंपरिक जपानी नाट्यप्रकाराचं काबुकी-झा नावाचं नाट्यगृह आहे. त्याच्या अगदी वरच्या मजल्यावर एकेका अंकापुरतं स्वस्त तिकीट मिळतं, आणि मुरलेले दर्दी बहुधा तिथेच, मागच्या अंगाला असतात. खाली नट प्रेक्षकांमधून जाणाऱ्या लाकडी वाटेवरून येतो, थबकतो, मान गर्रकन फिरवून डोळे वटारतो. रंगमंचाच्या कडेला बसलेला माणूस फळीवर लाकडी ठोकळे आपटतो. नट क्षणभर पुतळ्यासारखा उभा, आणि तेवढ्यात वरून खणखणीत आरोळी येते, ‘नारिताया!’

हे इचिकावा दानजुरो यांचं घराणं. काबुकीत नटाला हाक मारायची ती घराण्याच्या नावाने. पहिले दानजुरो सतराव्या शतकातले, आणि तेराव्यांनी 2022 साली ते नाव धारण केलं. आपल्या संगीत नाटकात ‘वन्स मोअर’ मिळायचा, पण पद संपल्यावर. ही आरोळी चालू अभिनयात घुसते. लवकर पडली तर प्रवेशाचा विचका, उशिरा पडली तर आरोळी देणाऱ्याचं हसं! ऑगस्ट 2020मध्ये करोनाच्या बंदीनंतर नाट्यगृह उघडलं, तेव्हा या आरोळ्यांना मनाई होती. नट आपल्या जागी थबकत होते, पण हाकेची जागा कोरीच जात होती.

आता टोकियोच्याच अकिहाबारा भागात चला. एका दुकानाच्या आठव्या मजल्यावर डिसेंबर 2005मध्ये ‘एकेबी 48’ या मुलींच्या गायनसंचाचं छोटेखानी थिएटर सुरू झालं. पहिल्या दिवशी तिकीट काढून आलेले सर्वसामान्य प्रेक्षक अवघे सात, असं सांगतात. पुढे तिथे गाण्याच्या सुरुवातीच्या वाद्यसंगीतावरच चाहते एका सुरात ‘टायगर! फायर! सायबर!’ असं ओरडू लागले. अर्थ विचारू नका, ताल मात्र सगळ्यांना तोंडपाठ.

इथवर मला दोन्ही दर्दी एकाच जातकुळीचे वाटतात. पण 2009पासून या संचाने चाहत्यांची निवडणूक सुरू केली. मतपत्रिका सीडीबरोबर मिळायची, आणि सीडी एकाने कितीही घ्याव्यात! लोकांनी खोक्यांनी घेतल्या. पुढच्या गाण्यात कोणाला पुढे उभं करायचं, ते त्या मतांवर ठरायचं. काबुकीतल्या त्या आरोळीला पैसा लागत नाही, नाटक अंगात भिनलेलं लागतं. सीडीच्या मताला कान नसला तरी चालायचा, पाकीट मात्र जड लागायचं.