न्यूरोफिजिक्स : एक शब्द, त्याचे अर्थ आणि त्याचा वापर

(संस्थेच्या वार्षिक संमेलनात, तळवडे येथे, पालक व विद्यार्थ्यांसमोर दिलेले भाषण)



मी भाषेचा शिक्षक आहे, विज्ञानाचा नव्हे. तरीही आज मी ‘न्यूरोफिजिक्स’ या विज्ञानातील शब्दावर बोलणार आहे. भाषेच्या शिक्षकाने ही उठाठेव का करावी, असे आपणांस वाटेल. त्याचे कारण म्हणून प्रथम एक घडलेली गोष्ट सांगतो.

काही वर्षांपूर्वी मी दुसऱ्या एका शाळेत होतो. नववीच्या वर्गात एक मुलगा बाकावरून कोसळला. हातपाय झटके देऊ लागले, डोळे वर गेले, तोंडाला फेस आला. मी काय केले? कांदा मागवला, फोडला आणि त्याच्या नाकाशी धरला. कोणी चप्पल आणून दिली, तीही हुंगवली. बी.ए., बी.एड. झालेला मी! दोन-तीन मिनिटांनी मुलगा शांत झाला आणि माझ्या कांद्याने गुण आला अशी मी समजूत करून घेतली.

डॉक्टरांनी त्याचा ‘ईईजी’ काढावयास सांगितले. त्याचे वडील भोसरीला प्रेस मशीनवर कामाला होते. ते मला भेटावयास आले. म्हणाले, “सर, डोक्याला वायरी लावायच्या म्हणतात. पोराला करंट देणार काय? आधीच त्याला झटके येतात.” मला उत्तर देता आले नाही. “जरा थांबून बघा,” एवढेच मी म्हणालो. आठ महिने गेले. त्या आठ महिन्यांत मुलाला आणखी कितीतरी झटके आले, त्याची सहामाही बुडाली आणि मुले त्याच्याजवळ बसेनाशी झाली.

अखेरीस तपासणी झाली, तेव्हा मी बरोबर गेलो होतो. वायरी लावणाऱ्या ताईंनी एका वाक्यात उलगडा केला. “आम्ही करंट देत नाही हो. त्याच्याच डोक्यातला मोजतो.” डोक्यात मुळात वीज असते आणि ती मोजता येते, हे जर मला ठाऊक असते, तर त्या मुलाचे आठ महिने वाचले असते. तेव्हापासून मी या शब्दामागे लागलो.

आता शब्दाकडे वळू. त्याचे दोन तुकडे आहेत : ‘न्यूरो’ आणि ‘फिजिक्स’. ‘न्यूरॉन’ हा ग्रीक शब्द. त्याचा जुना अर्थ स्नायूचा दोर, तात, असा आहे. पुढे तोच शब्द संदेश वाहणाऱ्या तंतूला लागला. आपणही तसेच बोलतो. पायात गोळा आला की ‘नस आखडली’, रक्ताची वाहिनी दिसली की ‘हाताची नस’, कमरेतून कळ पायात गेली की ‘नस दबली’. या तीन निरनिराळ्या वस्तू, पण शब्द एकच. म्हणून मराठीत संदेश वाहणाऱ्या तंतूला वेगळे नाव द्यावे लागले. जुन्या पुस्तकांत ‘मज्जातंतू’ व ‘मज्जासंस्था’ असे येते, मराठी विश्वकोशात ‘तंत्रिका तंत्र’ आहे, तर शाळेच्या पाठ्यपुस्तकात ‘चेतापेशी’ व ‘चेतासंस्था’ आहे. उर्दूत याला ‘आसाब’ म्हणतात. आपल्या घरांतील भावंडे कोणी मराठी, कोणी उर्दू, कोणी इंग्रजी माध्यमात शिकतात. त्यांनी लक्षात ठेवावे की या सर्व नावांचा विषय एकच आहे.

दुसरा तुकडा ‘फिजिक्स’. ग्रीकमध्ये ‘फिजिस’ म्हणजे निसर्ग, स्वभाव. त्यावरूनच फिजिक्स झाले आणि डॉक्टरला फिजिशियनही म्हणू लागले. गंमत अशी, की अरबीतही तोच प्रकार घडला. ‘तबीअत’ म्हणजे स्वभाव, प्रकृती. त्यावरून उर्दूत भौतिकशास्त्राला ‘तबीइयात’ म्हणतात, आणि त्याच शब्दाची आपल्या मराठीत ‘तब्येत’ झाली. म्हणजे ज्या शब्दाने आपण रोज एकमेकांची विचारपूस करतो, त्याच्याच कुळात भौतिकशास्त्र बसलेले आहे.

तेव्हा न्यूरोफिजिक्स म्हणजे मेंदूचे व चेतातंतूंचे भौतिकशास्त्र. मराठीत हवे तर ‘चेताभौतिकी’ म्हणावे. हा शब्द तीन अर्थांनी वापरला जातो.

पहिला अर्थ : चेतातंतूत वीज कशी निर्माण होते व कशी धावते, याचा अभ्यास. इटलीतील गॅल्व्हानी यांनी १७९१ साली बेडकाच्या पायावरील आपले प्रयोग प्रसिद्ध केले आणि प्राण्याच्या अंगात वीज असते, हा विचार पुढे आला. १८५० साली जर्मनीत हेल्महोल्ट्झ यांनी बेडकाच्या तंतूतून संदेश किती वेगाने जातो, हे मोजले. तो वेग सेकंदाला सुमारे तीस मीटर आला, म्हणजे आपल्या द्रुतगती मार्गावरील मोटारीएवढा. माणसाच्या सर्वांत वेगवान तंतूंत तो सेकंदाला शंभर मीटरच्याही पुढे जातो. तारेतील विजेचा संदेश याच्या लाखो पट वेगाने जातो. याचा अर्थ असा की, तंतूतील वीज तारेतील विजेसारखी नाही.

येथे बसलेल्या पालकांपैकी अनेकजण मोटर वायंडिंग आणि कंट्रोल पॅनेलची कामे करतात. त्यांना हे सहज समजेल. चेतापेशीच्या आतल्या व बाहेरच्या बाजूंत सुमारे ७० मिलिव्होल्टचा फरक असतो. पेन्सिल सेल दीड व्होल्टचा, त्याचा हा जेमतेम विसावा हिस्सा. संदेश आला की पेशीच्या पातळ आवरणातील दारे उघडतात, सोडियमचे विद्युतभारित कण आत शिरतात, लगेच पोटॅशियमचे कण बाहेर पडतात. मग पुढची दारे उघडतात. मुले उभ्या विटांची रांग लावून पहिली ढकलतात, तसे हे आहे. वीट जागची हलत नाही, पडणे मात्र पुढे सरकते. फरक इतकाच, की या विटा काही सहस्रांश सेकंदांत आपोआप पुन्हा उभ्या राहतात. हे गणित इंग्लंडच्या हॉजकिन आणि हक्स्ले यांनी १९५२ साली मांडले. त्यासाठी त्यांनी माकूल जातीच्या समुद्रजीवाचा जाडजूड तंतू घेतला होता. १९६३ साली त्यांना नोबेल पारितोषिक मिळाले.

हे काम परदेशातच होते असे समजू नये. १९३२ साली उत्तर प्रदेशातील बस्ती जिल्ह्यात जन्मलेले आणि अलीगढ मुस्लिम विद्यापीठात शिकलेले डॉ. ओबैद सिद्दीकी यांनी १९६२ साली मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत रेण्वीय जीवशास्त्राचा विभाग उभा केला. उष्णता वाढली की लुळ्या पडणाऱ्या आणि थंडावा मिळताच पुन्हा हालचाल करणाऱ्या काही फळमाश्या असतात. सिद्दीकी आणि अमेरिकेतील बेन्झर यांनी अशा माश्यांच्या चेतातंतूंतील विजेची तपासणी करून १९७६ साली निबंध प्रसिद्ध केला. या शाखेला न्यूरोजेनेटिक्स म्हणतात, पण त्यातले मोजमाप विजेचेच होते. पुढे त्यांनी बंगलोरची राष्ट्रीय जीवविज्ञान केंद्र ही संस्था घडवली. २००६ साली त्यांना पद्मविभूषण मिळाले आणि २०१३ साली ते निवर्तले. केळ्यावर बसणारी चिलटासारखी माशी तुम्ही-आम्ही हाकलतो. त्यांनी तिला प्रश्न विचारला.

दुसरा अर्थ : भौतिकशास्त्राच्या साधनांनी मेंदू पाहणे व मोजणे. जर्मनीत हान्स बर्गर यांनी १९२४ साली माणसाच्या मेंदूतील विजेची पहिली नोंद घेतली आणि १९२९ साली ती प्रसिद्ध केली. हाच ईईजी. डोक्याच्या कातडीवर येईपर्यंत ही वीज इतकी क्षीण होते, की ती व्होल्टच्या दशलक्षांशात मोजावी लागते. ‘शॉक’ची उपचारपद्धती वेगळी, तिचा ईईजीशी संबंध नाही. मिरगीत मेंदूतील अनेक पेशी एकाच वेळी भलत्या जोराने संदेश सोडतात. ईईजीवर त्याच्या खुणा पुष्कळदा दिसतात, आणि निदान डॉक्टरांनीच करावयाचे असते.

‘एमआरआय’ हेही असेच साधन. त्यात क्ष-किरण नसतात. प्रबळ चुंबक आणि रेडिओ लहरी यांच्या साहाय्याने शरीरातील पाण्यातल्या हायड्रोजनचा ठाव घेतला जातो. रुग्णालयातील दीड टेस्लाचा चुंबक पृथ्वीच्या चुंबकत्वाच्या सुमारे तीस हजार पट असतो. म्हणून कारखान्यात ग्राइंडिंग, वेल्डिंग करणाऱ्यांनी एक गोष्ट ध्यानात ठेवावी. डोळ्यात कधी लोखंडाचा कण गेला असेल, तर तपासणीपूर्वी तेथील माणसांना अवश्य सांगावे. तो कण हलला तर डोळ्याला इजा होऊ शकते.

तिसरा अर्थ : असंख्य पेशी मिळून स्मरण कसे ठेवतात, याचा भौतिकशास्त्राच्या नियमांनी विचार करणे. मेंदूत सुमारे ८,६०० कोटी चेतापेशी असतात. एवढा कारभार चालतो सुमारे वीस वॅटवर, म्हणजे घरातल्या दोन एलईडी बल्बांवर. अमेरिकेतील हॉपफील्ड यांनी १९८२ साली चुंबकीय पदार्थांच्या अभ्यासातील कल्पना घेऊन स्मरणाचा नमुना मांडला. २०२४ सालचे भौतिकशास्त्राचे नोबेल त्यांना हिंटन यांच्याबरोबर मिळाले. संगणकाला शिकवण्याची विद्या येथूनही पुढे गेली.

शब्दाचा प्रवास कसा होतो, याचेही एक उदाहरण सांगतो. मेंदूवरील जाड आवरणाला जगभरचे डॉक्टर ‘ड्यूरा मेटर’ म्हणतात. अर्थ ‘कठीण आई’. आवरणाला आई कोण म्हणेल? अरबी वैद्य म्हणत. त्यांच्या ग्रंथांत या आवरणाला ‘उम्म’ म्हणजे आई हा शब्द होता. इराणचे अल-मजूसी यांच्या ग्रंथाचे बाराव्या शतकात लॅटिन भाषांतर झाले आणि ती आई लॅटिनमध्ये गेली. परकी विद्या आपल्या भाषेत आणताना त्या लोकांना कमीपणा वाटला नाही. आपणही वाटून घेऊ नये.

आता वापराविषयी. मोठा शब्द दुधारी असतो. तो कळला नाही तर भीती वाटते, आणि अर्धवट कळला तर फसगत होते. भीतीची गोष्ट मी सांगितली, फसगतीचीही सांगतो. माझ्या ओळखीच्या एका पालकांनी ओव्हरटाइम करून, हप्त्याहप्त्याने, मुलीचा ‘मिड-ब्रेन’ जागा करण्याच्या वर्गाची फी भरली. डोळ्यांवर पट्टी बांधून मुलगी अक्षरे वाचू लागली. वडील आनंदले. एके दिवशी मुलगीच रडत म्हणाली, “अब्बा, नाकाजवळच्या फटीतून दिसतं. सगळेच तसं बघतात.” मध्यमेंदू प्रत्येकाचा जन्मापासून जागाच असतो. डोळ्यांच्या हालचाली सांभाळणे हे त्याच्या कामांपैकी एक. पट्टीआडून वाचणे हे त्याचे काम नव्हे. पैसे गेले ते गेलेच. पण बापाला खूश ठेवण्यासाठी त्या लेकराला महिनोन् महिने खोटे बोलावे लागले, याचे मला अधिक वाईट वाटते.

म्हणून मी आपल्याला एक साधी कसोटी देतो. कोणी मेंदूच्या लहरी, मेंदूची ऊर्जा, मेंदूचे विज्ञान असे शब्द वापरू लागला, की तीन प्रश्न विचारा : काय मोजले? कशाने मोजले? किती आले आणि एकक कोणते? ईईजीवाला सांगेल : वीज मोजली, अमुक यंत्राने मोजली, इतके मायक्रोव्होल्ट आले. ज्याला हे सांगता येत नाही, त्याच्या तोंडी हा शब्द उसना आहे. फिजिक्स म्हणजे मोजमाप. जेथे मोजमाप नाही, तेथे हे नाव लावू नये.

आणि कोणाला झटका आला तर कांदा-चप्पल काही नको. आजूबाजूच्या टणक वस्तू दूर करा, गळ्याशी कपडे सैल करा, डोक्याखाली मऊ काही ठेवा, कुशीवर वळवा, तोंडात काहीही घालू नका, हातपाय दाबून धरू नका. घड्याळ पाहा. पाच मिनिटांपेक्षा जास्त चालले, तर लगेच रुग्णालयात न्या. येथेही मोजमापच कामास येते.

त्या मुलाला नियमित गोळ्या सुरू झाल्या, झटके थांबले आणि पुढे तो दहावी उत्तीर्ण झाला. पेढे घेऊन आला तेव्हा त्याच्या वडिलांनी माझे आभार मानले. मी खाली मान घालून पेढा घेतला. “थांबून बघा” असे सांगणारा मीच होतो, हे मी त्यांना त्या दिवशी बोललो नाही. आज आपल्या सर्वांसमोर बोललो.

विद्यार्थी मित्रांनो, न कळलेला शब्द आला की मान डोलावू नका. हात वर करा. शिक्षकाला येत नसेल, तर शिक्षकाने “उद्या पाहून सांगतो” म्हणावे आणि खरोखर पाहून सांगावे. एवढे बोलून मी आपली रजा घेतो.

जय हिंद, जय महाराष्ट्र.