रूळ ज्या वाटेने आले नाहीत

(जुन्नर-आंबेगाव परिसरातील एका व्याख्यानमालेत झालेल्या भाषणाचे संक्षिप्त शब्दांकन)



आजचा विषय रेल्वेचा आहे. ज्या दोन तालुक्यांत रेल्वेचे एकही स्थानक नाही, तिथे हा विषय कशासाठी, असा प्रश्न आपल्यापैकी काहींच्या मनात आला असेल. पण जी वस्तू आपल्याकडे नाही, ती का नाही, याचा विचार करणे हे जागृत समाजाचे लक्षण आहे. आणि वाटांचा विचार करायला जुन्नरहून अधिक योग्य भूमी महाराष्ट्रात शोधून सापडणार नाही.

नाणेघाटाचा माथा डोळ्यांसमोर आणा. कातळ फोडून केलेली वाट, लेण्यातील सातवाहन राणी नागनिकेचा ब्राह्मी लिपीतला शिलालेख, त्यातील यज्ञांची व दानांची मोजदाद, आणि घाटाच्या तोंडाशी असलेला तो दगडी रांजण. या रांजणात जकातीची नाणी पडत, असे परंपरा सांगते. कल्याण, सोपारा या बंदरांतून आलेला माल याच वाटेने जुन्नरला येई आणि पुढे प्रतिष्ठानला, म्हणजे पैठणला जाई. जुन्नरभोवतीच्या डोंगरांत दोनशेहून अधिक लेणी कोरली गेली, ती या व्यापारावर पोसलेल्या श्रेणींच्या आणि दात्यांच्या बळावर. धान्याचे व्यापारी, कासार, बांबूकाम करणारे यांच्या श्रेणींचे उल्लेख इथल्या लेखांत आहेत. वाट होती म्हणून नगर होते; वाट दुसरीकडे वळली आणि नगराचे वैभव ओसरले.

पहिली हुकलेली वाट

१६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदरहून ठाण्याला पहिली आगगाडी निघाली. चौदा डबे, सुमारे चारशे निमंत्रित आणि साहिब, सिंध व सुलतान ही तीन इंजिने. या प्रकल्पासाठी नाना शंकरशेट यांच्यासारख्या एतद्देशीय धुरिणांनी १८४५पासून पाठपुरावा केला होता, ही गोष्ट आपल्या पाठ्यपुस्तकांनी फारशी ठळकपणे सांगितली नाही. मात्र मुंबईपुढे सह्याद्री उभा होता. तो कुठून चढायचा, या प्रश्नावर दख्खनचे भवितव्य ठरणार होते.

आरंभीच्या आराखड्यांत माळशेज घाटाचा विचार झाला होता. तो मार्ग पत्करला गेला असता, तर ओतूर-जुन्नरचा परिसर दख्खनच्या रेल्वेचे प्रवेशद्वार झाला असता. पुढे ग्रेट इंडियन पेनिन्सुला कंपनीचे मुख्य अभियंता जेम्स बर्कले यांच्या पाहण्यांनंतर पुण्याकडे जाण्यासाठी बोर घाट आणि नाशिककडे जाण्यासाठी थळ घाट निवडला गेला. १८६३मध्ये बोर घाटातून गाडी चढली, १८६५मध्ये थळ घाटातून. उत्तरेला इगतपुरी, दक्षिणेला लोणावळा. मधला जुन्नर-आंबेगावचा पट्टा बाजूला राहिला.

अभियांत्रिकीच्या दृष्टीने त्या निर्णयात कारणे होती, हे मान्य करावे लागते. बोर घाटात सुमारे सोळा मैलांत १८३१ फूट चढायचे होते. सर्वांत तीव्र चढ सदतीसास एक, म्हणजे सदतीस फूट पुढे गेल्यावर एक फूट वर. आजही त्या घाटात गाडीला जादा इंजिने जोडावी लागतात. पण त्या निर्णयात इथल्या माणसाला विचारले गेले नव्हते, हेही तितकेच खरे. कंपनीच्या भांडवलावर पाच टक्के व्याजाची हमी सरकारने दिली होती आणि तिचा भार इथल्या करदात्यावर होता. कापूस बंदरात पोचावा आणि पलटणी वेगाने हलाव्यात, ही राज्यकर्त्यांची निकड होती. बोगदे खोदताना पटकीने आणि अपघातांनी मेलेले हजारो मजूर मात्र आपले होते. त्यांची नावे कोणत्याही शिलालेखात नाहीत.

साहित्यातील आगगाडी

समाजमनाने या लोखंडी वाटेकडे कसे पाहिले, ते साहित्यात दिसते. गोविंद नारायण माडगावकरांनी १८६३च्या ‘मुंबईचे वर्णन’ या ग्रंथात नव्या मुंबईबरोबर आगगाडीचीही नोंद केली. त्यात नवलाचा सूर आहे. ‘विशाखा’ या १९४२च्या संग्रहात कुसुमाग्रजांची ‘आगगाडी आणि जमीन’ ही कविता आहे. तिथे जमीन विनवणी करते, गाडी मग्रुरीने तिला तुडवत धावते आणि शेवटी दरीत कोसळते. आणखी काही वर्षांतच फाळणी आली आणि रेल्वेचे डबे निर्वासितांच्या आकांताने व रक्ताने भरले. खुशवंतसिंगांची ‘ट्रेन टू पाकिस्तान’ ही कादंबरी किंवा भीष्म साहनींची ‘अमृतसर आ गया है’ ही कथा वाचताना तो काळ अंगावर येतो.

आणि बालपणीची आगगाडी? ती गदिमांनी मराठी मुलांच्या ओठांवर ठेवली. जुन्नर-आंबेगावच्या कितीतरी पिढ्यांनी ते गाणे म्हटले आणि मामाच्या गावाला त्या एस.टी.ने गेल्या.

दुसऱ्यांदा तेच?

आता वर्तमानाकडे वळू. पुणे-नाशिक थेट रेल्वेची मागणी जुनी आहे. महारेलने सुमारे २३५ किलोमीटरच्या निमजलद मार्गाचा आराखडा केला. ताशी २०० किलोमीटर वेगाची ही गाडी चाकण, मंचर, नारायणगाव, संगमनेर, सिन्नर या बाजूने जाणार होती. नारायणगावचा टोमॅटो, मंचरचा कांदा आणि रोज चाकण-पिंपरीकडे धाव घेणारा तरुण यांच्यासाठी ती नवी पहाट ठरली असती.

मध्ये खोडद आले. तिथे जायंट मीटरवेव्ह रेडिओ टेलिस्कोप, म्हणजे जीएमआरटी आहे. प्रत्येकी ४५ मीटर व्यासाच्या तीस अँटेना सुमारे २५ किलोमीटरच्या परिसरात पसरल्या आहेत. डॉ. गोविंद स्वरूप यांच्या कल्पकतेतून, भारतीय अभियंत्यांच्या हातून आणि जगाच्या तुलनेत अल्प खर्चात उभी राहिलेली ही दुर्बीण म्हणजे स्वदेशी विज्ञानाचा मानबिंदू. ही जागा निवडण्यामागे इथली रेडिओ-शांतता हेही एक कारण होते. अब्जावधी वर्षांपूर्वी निघालेल्या अतिक्षीण लहरी ऐकणाऱ्या यंत्राजवळ विजेच्या तारेवर ठिणग्या पाडत जाणारी गाडी म्हणजे ध्यानस्थाच्या कानाशी ढोल. २०२५मध्ये रेल्वे मंत्रालयाने हेच कारण पुढे करून अहिल्यानगर-शिर्डीमार्गे पर्याय मांडला. दोन्ही तालुक्यांत नाराजी उमटली, सरळ मार्गाची मागणी कायम राहिली.

ही नाराजी स्वाभाविक आहे. पण दुर्बीण हवी की रेल्वे, असा प्रश्न करून भांडणे हा आपला मार्ग नव्हे. दोन्ही राष्ट्राच्याच संपत्ती आहेत. खरा प्रश्न असा की, अँटेनांपासून किती अंतर राखले, कुठे बोगदा केला, कुठे मार्ग पूर्वेला किंवा पश्चिमेला वळवला, तर दोन्ही नांदतील? त्या वळणाने कोणाची किती बागायत जाईल? कारण जमिनीची किंमत या तालुक्यांना ठाऊक आहे. ज्या आंबेगावच्या नावाने तालुका ओळखला जातो, ते गावच डिंभे धरणाच्या पाण्याखाली गेले. कुसुमाग्रजांच्या कवितेतील जमिनीची विनवणी इथे कल्पनेतली नाही.

छोट्या रुळांचे शिक्षण

या प्रश्नांना भिडण्याचे एक साधन अनपेक्षित ठिकाणी सापडते. पुण्यात कोथरूडला भाऊ जोशी यांनी उभारलेले लघुरेल्वेचे संग्रहालय १९९८पासून लोकांसाठी खुले आहे. सिग्नल, पूल आणि वेगवेगळ्या जातींच्या गाड्या एका आखलेल्या शहरातून तिथे धावतात. अनेकांना ते मुलांचे खेळणे वाटते. पण लघुरेल्वेचा छंद माणसाला प्रमाणाची शिस्त लावतो. चढ खोटा केला तर छोटे इंजिनही घसरते. वळण आखडते केले तर डबा रुळावरून उतरतो. इच्छा आणि शक्यता यांतील अंतर तिथे हातांना कळते.

हीच शिस्त आपल्या शाळांत का येऊ नये? दहा हजारास एक हे प्रमाण धरले, तर २५ किलोमीटरचा प्रदेश अडीच मीटरच्या फळीवर मावतो. बोर घाटाची सारी चढण त्या प्रमाणात साडेपाच सेंटीमीटर भरते. जुन्नर, मंचर, घोडेगाव, ओतूर येथील शाळा-महाविद्यालयांनी नकाशे घेऊन घोड, कुकडी, मीना या नद्यांची खोरी, धरणे, बागायती, खोडदच्या अँटेना आणि संभाव्य मार्ग यांची प्रतिकृती करावी. भूगोलाचे शिक्षक, निवृत्त अभियंते, शेतकरी आणि खोडदचे शास्त्रज्ञ यांनी तिच्याभोवती बसावे. अशा चर्चेतून निघालेले निवेदन मोर्चातील घोषणेपेक्षा दिल्लीत अधिक वजनाने वाचले जाईल.

आपण हे करू शकत नाही, असे म्हणण्याचे कारण नाही. परक्यांनी अशक्य मानून सोडलेल्या कोकणात ई. श्रीधरन यांच्या नेतृत्वाखाली आपल्याच अभियंत्यांनी रेल्वे नेली आणि १ मे १९९८ रोजी पंतप्रधान अटलबिहारी वाजपेयी यांनी ती राष्ट्राला अर्पण केली. त्यामागे मधू दंडवते आणि जॉर्ज फर्नांडिस यांची चिकाटी होती. राष्ट्रकार्यात पक्षभेद गळून पडतात, ते असे.

१८५०च्या दशकात आपली वाट परक्यांनी ठरवली, तेव्हा आपण पारतंत्र्यात होतो. आज ती सबब उरलेली नाही. नाणेघाटाचा कातळ फोडणाऱ्यांनी कोणाची वाट पाहिली नव्हती. त्यांच्या वारसांनी निदान फळी, नकाशा आणि मोजपट्टी घेऊन कामाला लागावे, एवढीच या व्यासपीठावरून विनंती.

भारत माता की जय!