राणी व्हिक्टोरियाचे बंदिस्त बालपण



एके काळी आपल्या पेढ्यांवर आणि घरोघरच्या तिजोऱ्यांत राणीछाप रुपये जपून ठेवलेले असत. सुमारे एक तोळा वजनाचे, खणखणीत चांदीचे ते नाणे. त्यावरील मुद्रा इंग्लंडच्या व्हिक्टोरिया राणीची. १८५८ च्या जाहीरनाम्यानंतर हिंदुस्थानचा कारभार तिच्या नावाने चालू झाला, १ जानेवारी १८७७ रोजी दिल्लीच्या दरबारात ती हिंदुस्थानची सम्राज्ञी म्हणून घोषित झाली, आणि १८८७ मध्ये मुंबईच्या बोरीबंदर स्थानकाला तिचेच नाव देण्यात आले. पुढे १९९६ मध्ये ते नाव बदलून छत्रपती शिवाजी टर्मिनस करण्यात आले. तिच्या साम्राज्याने या देशाचे काय केले, हा विषय फार मोठा आहे आणि तो आजचा नव्हे. आजचा विषय त्या नाण्यावरील स्त्रीच्या बालपणाचा आहे. जिच्या नावाने पुढे जगातील सुमारे एक चतुर्थांश लोकांवर राज्य चालायचे होते, त्या मुलीला वयाच्या अठराव्या वर्षापर्यंत कोणाचा तरी हात धरल्यावाचून जिना उतरण्याची मुभा नव्हती!

इंग्लंडचा राजा तिसरा जॉर्ज याची मुले पुष्कळ होती, परंतु १८१७ च्या नोव्हेंबरात त्याची नात शार्लट बाळंतपणात मरण पावली आणि पुढच्या पिढीत गादीला औरस वारस उरला नाही. तेव्हा प्रौढ वयातील राजपुत्रांची लग्नासाठी धावपळ सुरू झाली. त्यांतील ड्यूक ऑफ केंट एडवर्ड याने वयाच्या पन्नाशीत एका जर्मन विधवेशी विवाह केला. तिला पहिल्या पतीपासून एक मुलगा आणि एक मुलगी होती. या दांपत्याची कन्या २४ मे १८१९ रोजी लंडनच्या केन्सिंग्टन राजवाड्यात जन्मली. तिचे पहिले नाव अलेक्झांड्रिना. घरात तिला ड्रिना म्हणत. मूल आठ महिन्यांचे असताना, जानेवारी १८२० मध्ये, ड्यूक न्यूमोनियाने गेला. मागे राहिली ती एक तरुण विधवा, डोक्यावर पतीचे कर्ज, देश परका, भाषा अपुरी, आणि मांडीवर गादीच्या वाटेवर असलेली मुलगी. तिचा भाऊ लिओपोल्ड याने वर्षासन देऊन तिला आधार दिला, हे त्या कुटुंबाचे भाग्यच म्हणावे.

या प्रसंगी ड्यूकच्या पदरी असलेला जॉन कॉनरॉय नावाचा आयरिश लष्करी अधिकारी पुढे आला आणि डचेसचा कारभारी झाला. विधवेच्या घरात कारभाऱ्याचा शब्द अखेरचा ठरू लागला आणि हिशोब विचारणारे कोणी नसले म्हणजे काय होते, हे व्यापारी समाजाला समजावून सांगण्याचे कारण नाही. कॉनरॉय हुशार होता, उद्योगी होता आणि विलक्षण महत्त्वाकांक्षी होता. डचेस त्याच्या सल्ल्यावाचून पाऊल उचलीनाशी झाली.

या दोघांनी मिळून मुलीच्या संगोपनाचे जे नियम ठरविले, ते इतिहासात ‘केन्सिंग्टन पद्धती’ या नावाने ओळखले जातात. मुलीने एक क्षणही एकटे राहावयाचे नाही. रात्री आईच्याच खोलीत निजावयाचे. आई निजायला येईपर्यंत शिक्षिका लुईझ लेहझेन हिने तेथे बसून राहावयाचे. कोणाही पाहुण्याशी तिऱ्हाईत व्यक्तीच्या उपस्थितीवाचून बोलावयाचे नाही. बरोबरीच्या मुलांत मिसळावयाचे नाही. सोबतीला मुख्यतः कॉनरॉयची मुलगी, आणि ती राजकन्येला मुळीच आवडत नसे. राजाच्या दरबारी होता होईल तो जावयाचे नाही. सावत्र बहीण फिओडोरा बारा वर्षांनी मोठी असली तरी जिवाभावाची होती, पण १८२८ मध्ये तीही लग्न होऊन जर्मनीला गेली. तिने पुढे एका पत्रात केन्सिंग्टनमधील त्या वर्षांचे वर्णन कैद असेच केले आहे.

मुलीला खाण्यापिण्याची वा कपड्यालत्त्याची ददात नव्हती. मात्र राहणी साधी होती आणि चहादेखील चैनीत मोडत असे. अभ्यास कसून होई. जॉर्ज डेव्हिस नावाचे धर्मोपदेशक मुख्य शिक्षक होते. इतिहास, भूगोल, गणित, फ्रेंच, जर्मन, चित्रकला, संगीत असा क्रम आठवड्याचे सहा दिवस चाले. १८३० मध्ये दोन बिशपांनी येऊन तिची परीक्षा घेतली आणि प्रगती समाधानकारक असल्याचा निर्वाळा दिला.

खेळगड्यांची जागा बाहुल्यांनी भरून काढली होती. तिच्या संग्रहात १३२ लहान लाकडी बाहुल्या होत्या. रंगभूमीवरील नर्तकी, दरबारातील स्त्रिया अशी त्यांना नावे होती, आणि त्यांतील अनेकींचे पोशाख तिने व लेहझेनने स्वतःच्या हाताने शिवले होते. वीतभर बाहुलीला झालर, बाही, टोपी शिवणे किती चिकाटीचे काम आहे, हे सुई धरणाऱ्या भगिनींना ठाऊक आहेच. १८३३ मध्ये घरात डॅश नावाचा लहानसा स्पॅनिअल कुत्रा आला. कॉनरॉयने तो वास्तविक डचेसला भेट दिला होता, पण तो मुलीचाच होऊन बसला. तिने त्याला लाल डगला आणि निळी विजार घातल्याची नोंद आहे. चौदा वर्षांची मुलगी कुत्र्याला कपडे चढविते, याला पोरकटपणा म्हणता येईल. परंतु ज्याच्याशी बोलताना तिसरे माणूस हजर असण्याची अट नव्हती असा घरात तो एकटाच जीव होता.

मार्च १८३० मध्ये, ती जवळजवळ अकरा वर्षांची असताना, इतिहासाच्या पुस्तकात तिला राजघराण्याची वंशावळ ठेवलेली आढळली. आपण गादीच्या किती जवळ आहोत हे तिला तेव्हा उमगले आणि आपण चांगले वागू, असे ती लेहझेनला म्हणाली. ही हकीकत लेहझेनने सदतीस वर्षांनी लिहून ठेवली आहे, त्यामुळे तिच्यावर थोडी कल्हई चढली असणे शक्य आहे. स्वतः राणीने मात्र ही बातमी कळल्यावर आपण पुष्कळ रडल्याचे नमूद केले आहे.

आता प्रश्न असा की हा सारा बंदोबस्त कोणासाठी होता? आईची भीती सर्वस्वी खोटी नव्हती. मुलीच्या पाठोपाठ गादीवर हक्क असलेला चुलता ड्यूक ऑफ कंबरलँड याच्याविषयी लोकांत भयंकर वदंता होत्या. दरबारचे वळणही आदर्श नव्हते. १८३० मध्ये राजा झालेला चौथा विल्यम याला एका नटीपासून झालेली दहा अपत्ये होती आणि ती राजरोस वावरत असत. अशा वातावरणापासून मुलीला दूर ठेवावे असे आईला वाटले, तर तिला दोष कोण देईल?

तथापि या भीतीच्या आड दुसरा हेतू दडलेला होता. १८३० च्या अखेरीस पार्लमेंटने कायदा केला की, व्हिक्टोरिया सज्ञान होण्यापूर्वी विल्यम राजा मरण पावला तर तिच्या वतीने डचेसने राज्य पाहावे. आपल्याकडे सातबाऱ्यावर वारसाच्या नावापुढे ‘अ.पा.क. आई’ असे लिहितात, त्यातलाच हा प्रकार. फरक इतकाच की येथे जमीन दोन-चार एकरांची नसून अख्खे साम्राज्य होते, आणि ‘अ.पा.क.’च्या मागे कॉनरॉय उभा होता. मुलगी जितकी भित्री, परावलंबी आणि जगापासून अनभिज्ञ राहील, तितकी त्याची सत्ता पक्की होणार होती. संरक्षणासाठी घातलेले कुंपण आणि कब्जा ठेवण्यासाठी घातलेले कुंपण बाहेरून अगदी सारखेच दिसते. डचेसला स्वतःलाही आपण कोणते घालीत आहोत हे उमजले नसावे, आणि तिच्या बाबतीत सर्वांत करुण गोष्ट हीच आहे.

१८३२ मध्ये वेल्सच्या दौऱ्यावर निघताना आईने मुलीला एक कोरी वही दिली. तिची रोजनिशी तेथून सुरू झाली आणि मृत्यूपर्यंत चालू राहिली. परंतु बालपणीची ती वही आई आणि लेहझेन वाचीत असत. त्यामुळे तीत गावे, घोडे, वेळा, भेटलेली माणसे यांच्या नोंदी आहेत. मनातले फारसे काही नाही. पहारेकऱ्यांना वाटत होते की मुलगी आज्ञाधारक होत आहे. प्रत्यक्षात ती गप्प राहण्यास शिकत होती.

याचा प्रत्यय १८३५ मध्ये आला. रॅम्सगेट येथे ती कडक तापाने अंथरुणाला खिळली असताना कॉनरॉय तिच्यापुढे एक कागद घेऊन आला. राणी झाल्यावर आपण त्याची खाजगी चिटणीस म्हणून नेमणूक करू, असे तिने लिहून द्यावे, ही मागणी. आईचाही आग्रह होता. ती सोळा वर्षांची होती आणि दुखण्याने खंगलेली होती. तिने सही केली नाही. त्या वेळी लेहझेन तिच्या पाठीशी उभी राहिली.

पुढील वर्षी ऑगस्टमध्ये विंडसर येथे आपल्या वाढदिवसाच्या मेजवानीत वृद्ध राजाने भर सभेत डचेसची निर्भर्त्सना केली. आणखी नऊ महिने जगावे म्हणजे राज्य या बाईच्या हाती न जाता थेट मुलीच्या हाती जाईल, अशा आशयाचे तो बोलला. राजाचे म्हणणे खरे असले तरी पाहुण्यांसमोर, मुलीच्या देखत तिच्या आईची अशी शोभा करणे सभ्यतेला धरून नव्हते. व्हिक्टोरियाच्या डोळ्यांतून अश्रू वाहू लागले. मे १८३७ मध्ये त्याने तिला वर्षाला दहा हजार पौंडांची स्वतंत्र नेमणूक देऊ केली. ती नाकारणारे पत्र घरच्यांनी तयार केले आणि तिला त्यावर सही करावी लागली. मुलगी अजून अपरिपक्व आहे, तिला एकविसाव्या वर्षापर्यंत पालकत्वाखाली ठेवावे, अशी खटपटही कॉनरॉयने चालविली होती.

२४ मे १८३७ रोजी ती सज्ञान झाली. त्यानंतर अवघ्या सत्तावीस दिवसांनी, २० जूनच्या पहाटे, राजा निवर्तला. सकाळी सहाच्या सुमारास आर्चबिशप ऑफ कँटरबरी आणि लॉर्ड चेंबरलेन केन्सिंग्टनला येऊन पोहोचले. आईने मुलीला उठविले आणि दारापर्यंत सोबत केली. आतील दालनात मात्र ती घरगुती झग्यावर, मोकळ्या केसांनी, एकटीच गेली. त्या दिवशीच्या रोजनिशीत आपण मंत्र्यांना एकटीने भेटलो, हे तिने आवर्जून नोंदविले आहे. नंतर तिने आईजवळ तासभर एकांत मागितला, आणि आपला पलंग आईच्या खोलीतून हलविण्याची आज्ञा दिली. सार्वभौम सत्ता हाती आल्यावर पहिल्याच दिवशी तिने त्या सत्तेचा असा उपयोग केला!

कॉनरॉयला तिने आपल्या पदरी ठेवले नाही. त्याला सरदारकी आणि वर्षाला तीन हजार पौंडांची नेमणूक मिळाली, पण डचेसच्या घरचा कारभार त्याने १८३९ पर्यंत सोडला नाही. १८५४ मध्ये तो वारला तेव्हा स्वतः कर्जात होता, आणि डचेसच्या मोठमोठ्या रकमांचा पत्ता लागत नव्हता. बकिंगहॅम राजवाड्यात आईला दूरच्या दालनांत जागा मिळाली. राणीला भेटायचे तर तिला आधी विचारावे लागे.

बंदिस्त वाढलेल्या या मुलीने राज्य धैर्याने हाती घेतले हे खरे, परंतु माणसे ओळखण्याच्या कामी तिचे हात लवकरच पोळले. १८३९ मध्ये आईच्या पदरच्या लेडी फ्लोरा हेस्टिंग्ज या अविवाहित स्त्रीचे पोट वाढलेले दिसताच राणीने तिच्याविषयी वाईट संशय धरला आणि त्यात कॉनरॉयचे नाव गोवले. वैद्यकीय तपासणीत ती निर्दोष ठरली. काही महिन्यांतच, ५ जुलैला, ती यकृतावरील गाठीने मरण पावली. लोकांनी राणीला क्षमा केली नाही. तिच्या बग्गीवर दगडही पडले. वीस वर्षांच्या त्या राणीला कॉनरॉयविषयीच्या द्वेषापुढे दुसरे काही दिसले नव्हते. आणखी एक गोष्ट चमत्कारिक वाटते. पुढे तिचा थोरला मुलगा, नंतरचा सातवा एडवर्ड, यालाही तिने आणि प्रिन्स अल्बर्टने समवयस्कांपासून दूर, शिक्षकांच्या आणि अधिकाऱ्यांच्या पहाऱ्यातच वाढविले.

अल्बर्टशी १८४० मध्ये विवाह झाल्यावर माय-लेकींत त्याने सलोखा घडवून आणला. १८४२ मध्ये लेहझेन जर्मनीला परतली. डचेस प्रेमळ आजी म्हणून नातवंडांत रमली आणि १६ मार्च १८६१ रोजी विंडसरजवळील फ्रॉगमोर येथे वारली. तिची कागदपत्रे राणीने उघडली, तेव्हा त्यांत स्वतःच्या तान्हेपणीच्या बारीकसारीक नोंदी असलेल्या लहान वह्या तिला सापडल्या. आईचे आपल्यावर एवढे प्रेम होते याची तिला कल्पना नव्हती. दोन माणसांनी आम्हा दोघींत अंतर पाडले, असे तिने मामा लिओपोल्डला कळविले. त्या वेळी ती एक्केचाळीस वर्षांची होती, नऊ मुलांची आई होती, आणि कित्येक दिवस त्या वह्या पुन्हा पुन्हा वाचून रडत होती.