होळकरांची गादी आणि तिचे वारस

(मंडळाच्या गणेशोत्सव व्याख्यानमालेत अभ्यासगटाच्या वतीने दिलेल्या भाषणाचा मजकूर)



इंदुरात राहणाऱ्याला होळकरांची वंशावळ निराळी पाठ करावी लागत नाही. मल्हारगंज, तुकोगंज, कृष्णपुरा, यशवंत निवास रोड अशी ती रस्त्यारस्त्यावर लिहिलेली आहे. एम.टी. क्लॉथ मार्केटमधले एम.टी. म्हणजे महाराजा तुकोजीराव आणि एम.वाय. हॉस्पिटलमधले एम.वाय. म्हणजे महाराजा यशवंतराव, एवढे नातवंडांना सांगितले की निम्मी वंशावळ झाली. पण ही नावे एकाखाली एक मांडून मध्ये बाप-लेकाच्या रेघा ओढायला आम्ही बसलो, तेव्हा रेघा काही जुळेनात. कुठे सासऱ्यानंतर सून, कुठे दत्तक, कुठे चुलतभाऊ, कुठे सावत्र भाऊ. 1766 साली थोरले मल्हारराव वारले, तिथपासून 1886 पर्यंतच्या 120 वर्षांत बापामागे पोटचा मुलगा गादीवर बसला, असे फक्त दोनदा घडले. त्या दोन्ही वेळांचे पुढे काय झाले, तेही आज सांगणार आहोत.

हा विषय राजघराण्यापुरताच नाही. आपल्यापैकी बहुतेकांचे पूर्वज कुणी फडात लेखणी चालवायला, कुणी पागेत, कुणी पूजाअर्चेला, कुणी पुढे शाळेत शिकवायला म्हणून माळव्यात आले आणि गादी राहिली म्हणून इथेच राहिले. 1848 मध्ये सातारा, 1854 मध्ये झाशी आणि नागपूर खालसा झाले. तिथल्या दरबारावर पोट असलेल्या घरांचे काय झाले असेल, याचा विचार केला की इंदूरची गादी का वाचली हा प्रश्न आपल्या स्वयंपाकघरापर्यंत येतो.

आधी नियम काय होता ते पाहू. मनूने बारा प्रकारचे पुत्र सांगितले आहेत. नंतरच्या धर्मशास्त्रकारांनी कलियुगासाठी त्यातले औरस आणि दत्तक एवढेच राखले. दत्तक घेण्याचा अधिकार विधवेला आहे का, यावर मात्र प्रांतोप्रांती मते वेगळी. बंगालात नवऱ्याची स्पष्ट परवानगी असेल तरच विधवा दत्तक घेऊ शके, मिथिलेत तर मुळीच नाही. महाराष्ट्रात नीलकंठभट्टांच्या 'व्यवहारमयूखा'चे वजन होते आणि आपल्याकडे विधवेला पतीने तसे सांगून ठेवलेले नसले तरी दत्तक घेता येई. घराणे एका प्रांतातून दुसऱ्या प्रांतात गेले तरी त्याचा धर्मशास्त्राचा संप्रदाय त्याच्याबरोबर जातो, असे पुढे न्यायालयांनीही मानले. म्हणजे आपली माणसे माळव्यात येताना कुलदैवताचा टाक आणि पुरणपोळी घेऊन आली, तसा विधवेचा हा हक्कही घेऊन आली. इतिहासाच्या पुस्तकांत याला एखादे वाक्यही मिळत नाही. आमच्या मते मराठी संस्थानांच्या इतिहासाची निम्मी किल्ली यात आहे.

उरलेली निम्मी किल्ली वरच्या सत्तेच्या हाती. घराण्याने नाव सुचवायचे आणि वरच्याने वस्त्रे द्यायची, अशी रीत होती. होळकर हे पेशव्यांचे सरंजामदार, त्यामुळे पुण्याहून मान्यता आल्याखेरीज कुणी पक्का वारस ठरत नसे. पेशवे गेले आणि ते काम इंग्रजांकडे आले, इंग्रज गेले आणि दिल्लीकडे आले.

1767 ची हकीकत सर्वांना ठाऊक आहे, तरी या दोन किल्ल्या लक्षात ठेवून ती पुन्हा पाहण्यासारखी आहे. मल्हाररावांचे एकुलते एक पुत्र खंडेराव 1754 मध्ये कुंभेरीच्या वेढ्यात पडले होते. 1766 च्या मे महिन्यात आलमपूरला मल्हारराव वारले आणि गादी नातू मालेराव यांच्याकडे आली. ते वर्षभरही जगले नाहीत. घरात आता पुरुष वारस उरला नाही. दिवाण गंगाधर यशवंत चंद्रचूड यांचा सल्ला शास्त्राला सोडून नव्हता: अहिल्याबाईंनी एखादे लहान मूल दत्तक घ्यावे. मूल लहान, म्हणजे कारभार दिवाणांकडे, हे मात्र न बोलताही कळण्यासारखे होते. राघोबादादा फौज घेऊन निघाले होते. बाईंनी दत्तकाला नकार दिला. पत्नी, सून आणि आई या तिन्ही नात्यांनी दौलतीवर आपला हक्क आहे, अशी त्यांची भूमिका होती. त्यांनी थेट माधवराव पेशव्यांकडे दाद मागितली आणि पेशव्यांनी त्यांच्या बाजूने कौल दिला.

दत्तक घेण्याचा हक्क जसा विधवेचा, तसा दत्तक न घेण्याचाही तिचाच, हे त्या दिवशी ठरले. फौजेसाठी त्यांनी तुकोजी होळकरांना निवडले. ते मल्हाररावांचे पुत्र नव्हते, विश्वासातले सरदार होते. अहिल्याबाईंहून वयाने मोठे असूनही ते त्यांना 'मातोश्री' म्हणत, असे माल्कमने लिहून ठेवले आहे. महेश्वरी बाई आणि मोहिमेवर तुकोजी, अशी ही जोडी 1795 पर्यंत चालली. कुरबुरी झाल्या, पैशांवरून बोलाचाली झाल्या, पण फूट पडली नाही.

फूट पडली ती तुकोजींच्या मागे, आणि तीही घरात चार मुलगे असताना. काशीराव आणि मल्हारराव हे औरस, यशवंतराव आणि विठोजी हे नाटकशाळेचे. 1797 च्या ऑगस्टमध्ये पुण्यात तुकोजी वारले. थोरले म्हणून काशीराव गादीवर आले. आम्ही म्हटले त्या दोन वेळांतली ही पहिली. थोरलेपणाचा नियम अगदी बिनचूक पाळला गेला, पण काशीराव दुबळे. दौलतराव शिंद्यांनी त्यांची बाजू घेतली आणि महिनाभरात, 14 सप्टेंबरला, पुण्यातच मल्हाररावांवर छापा घालून त्यांना ठार केले. त्यांची पत्नी जिजाबाई त्या वेळी गरोदर होती. पुढे तिला जो मुलगा झाला तो खंडेराव.

यशवंतराव निसटले. तलवारीच्या जोरावर त्यांनी सारा माळवा हलवून सोडला, तरी कारभार चालवला तो या तान्ह्या पुतण्याच्या नावाने. आम्हांला यात मोठी गंमत वाटते. त्या काळातला सर्वांत धाडसी मराठा सेनानी, पण औरस नसल्याने स्वतःच्या नावाने गादीवर बसणे त्यालाही अवघड, म्हणून पाळण्यातल्या पोराचा आधार. विठोजींना 1801 मध्ये पुण्यात हत्तीच्या पायी दिले गेले. 1802 च्या दिवाळीत यशवंतरावांनी हडपसरला शिंदे-पेशव्यांचा पराभव केला, बाजीराव पळाले आणि वर्षाच्या शेवटच्या दिवशी वसईचा तह झाला. मराठी राज्य बुडण्याची कारणे अनेक, पण एका घरातल्या वारशाचा तंटा वेळीच मिटला असता तर इंग्रजांना ते दार इतक्या लवकर उघडे मिळाले नसते, असे आम्हांला वाटते.

दुसरी वेळ 1811 ची. यशवंतराव भानपुऱ्याला वारले, तेव्हा त्यांचा मुलगा मल्हारराव पाच वर्षांच्या आसपासचा होता. कारभार तुळसाबाईंच्या हाती गेला. 20 डिसेंबर 1817 ला आपल्याच फौजेतल्या लोकांनी क्षिप्रेच्या काठी त्यांचा वध केला, दुसऱ्या दिवशी महिदपूरची लढाई हरली आणि 6 जानेवारी 1818 ला मंदसोरचा तह झाला. राजधानी इंदूरला आली ती त्यानंतर. पोटच्या वारसांची ही कथा एवढीच.

आता कृष्णपुऱ्याच्या छत्र्यांकडे वळू. तिथल्या तीन छत्र्यांपैकी एक कृष्णाबाईंची आहे. केसराबाई, माँसाहेब, कृष्णाबाई ही सगळी त्यांचीच नावे. या यशवंतरावांच्या पत्नी आणि मल्हाररावांच्या आई. नदीकाठी रोज हजारो माणसे त्या छत्रीवरून जातात. पण इंदूर संस्थान शाबूत राहण्यात या बाईंचा वाटा किती होता, हे फार थोड्यांना माहीत असते.

1833 मध्ये मल्हारराव निपुत्रिक वारले. त्यांच्या विधवा गौतमाबाईंनी मार्तंडराव नावाचे लहान मूल दत्तक घेऊन जानेवारी 1834 मध्ये गादीवर बसवले. पण विठोजींचे पुत्र हरिराव महेश्वरच्या कैदेत होते. त्यांच्या पक्षाच्या लोकांनी त्यांना सोडवले आणि एप्रिलमध्ये मार्तंडराव उतरले, हरिराव बसले. हरिरावांनाही मुलगा नाही. त्यांनी दत्तक घेतलेले खंडेराव 1843 मध्ये गादीवर आले आणि फेब्रुवारी 1844 मध्ये, मिसरूडही नीट फुटले नव्हते अशा वयात, वारले. दहा-अकरा वर्षांत गादी चौथ्यांदा रिकामी!

हीच वेळ धोक्याची होती. मार्तंडरावांचा पक्ष पुन्हा उभा राहिला होता. वारस नाही म्हणून संस्थान बुडाले असे म्हणायला कलकत्त्याला निमित्त पुरेसे होते. कृष्णाबाईंनी भाऊ होळकरांच्या धाकट्या मुलाचे नाव पुढे केले. रेसिडेंट हॅमिल्टन यांना ते पटले आणि वरून शेवटचा हुकूम येण्याची वाट न पाहता 27 जून 1844 ला त्या मुलाला गादीवर बसवण्यात आले. तेच तुकोजीराव दुसरे. गव्हर्नर जनरलला ही घाई रुचली नाही. नव्या महाराजांना जे पत्र दिले गेले, त्यात गादी त्यांच्या औरस पुरुष वंशाकडे चालेल असे शब्द घातले गेले. अर्थ स्पष्ट होता, दत्तकाचे दार लावून घ्यायचे. चारच वर्षांनी डलहौसीने साताऱ्यात ते दार सगळ्यांसाठीच लावले.

हा प्रसंग 1844 ऐवजी 1854 मध्ये आला असता तर? झाशीत गंगाधरराव मृत्यूच्या आदल्या दिवशी दत्तक घेऊन गेले, शास्त्रात कुठेही उणे नव्हते, तरी झाशी गेली. इंदूरला दहा वर्षांचा फरक आणि एका वृद्ध बाईंची तडफ उपयोगी पडली. पुढे 1857 नंतर इंग्रजांनी शहाणपण घेतले आणि 1862 मध्ये लॉर्ड कॅनिंगने संस्थानिकांना दत्तकाच्या सनदा दिल्या. होळकरांनाही मिळाली. गंमत म्हणजे तेव्हा तिची गरजच उरली नव्हती, 1859 मध्ये शिवाजीराव जन्मले होते.

तुकोजीरावांच्या राजवटीत इंदूरला कापडाची गिरणी आली, रेल्वेसाठी त्यांनी सरकारला एक कोटी रुपये कर्जाऊ दिले. बडोद्याचे सयाजीराव हेही दत्तक, नाशिककडच्या कवळाण्याहून जमनाबाईंनी 1875 मध्ये आणलेले. कोल्हापूरचे शाहू महाराज दत्तक, कागलहून 1884 मध्ये आनंदीबाईंनी आणलेले. आपण ज्यांची नावे आदराने घेतो असे हे तीन राजे पोटच्या वारसाच्या नियमाने कधीच गादीवर आले नसते. प्रत्येकाच्या मागे एक विधवा राणी आहे. दत्तक निवडून घेता येतो, औरस नशिबाने मिळतो, असे कुणी म्हटले तर आम्ही वाद घालणार नाही.

पुढची तीन नावे बापामागे लेक अशीच आली. पण शिवाजीरावांनी 1903 मध्ये आणि तुकोजीराव तिसऱ्यांनी 1926 मध्ये गादी सोडली. त्यातली दुसरी वेळ मुंबईतल्या बावला खून प्रकरणानंतरची, त्याची चर्चा त्या काळी भरपूर झाली, आज नको. तुकोजीराव मात्र 1978 पर्यंत जगले आणि पॅरिसला वारले. गादीवर बसवलेला मुलगा यशवंतराव त्यांच्या आधी, 1961 मध्येच गेला होता.

या यशवंतरावांच्या वेळी शेवटचा पेच आला. संयोगिताराजे यांच्यापासून त्यांना 1933 मध्ये उषाराजे झाल्या. संयोगिताराजे 1937 मध्ये गेल्या. पुढे अमेरिकन पत्नीपासून 1944 मध्ये मुलगा झाला. 1948 मध्ये संस्थान मध्य भारतात विलीन झाले, राज्य उरले नाही, पण गादीचा मान आणि तनखा उरला. तो पुढे कुणाकडे? जुन्या रिवाजाने मुलगा असताना मुलीचे नाव निघालेच नसते. 1950 मध्ये भारत सरकारने उषाराजे यांना वारस म्हणून मान्यता दिली. दक्षिणेत पुदुकोट्टईच्या राजाने ऑस्ट्रेलियन स्त्रीशी लग्न केले होते. त्याच्या मुलाला इंग्रजांनी गादी दिली नाही आणि 1928 मध्ये दुसऱ्या शाखेतला वारस आणला. दिल्लीने मुलगी निवडली, हा त्यातला फरक.

स्वीडनने थोरले अपत्य, मग मुलगा असो वा मुलगी, हा कायदा 1980 मध्ये केला आणि इंग्लंडमध्ये तो 2015 मध्ये लागू झाला. जपानात आजही बाई गादीवर बसू शकत नाही. मग आपले इंदूर स्वीडनच्या तीस वर्षे पुढे होते असे म्हणायचे का? म्हणायला आवडेल, पण ते खरे होणार नाही. 1950 चा निर्णय मुलींना हक्क म्हणून झालेला नव्हता. मुलाची आई परदेशी होती, हा अडथळा होता, आणि त्यातून वाट काढताना मुलीचे नाव आले. हक्क म्हणून गोष्ट आली ती आपल्यासारख्यांच्या घरांत, आणि कायद्याने: 1956 मध्ये मुलगीही दत्तक घेता येऊ लागली, 2005 मध्ये वडिलोपार्जित मिळकतीत तिला मुलाइतकाच वाटा मिळाला. हक्कसोडपत्रावर बहिणींच्या सह्या घ्यायची घाई आजही आपल्या किती घरांत होते, हे इथे बसलेल्या वकील मंडळींना विचारावे.

उषाराजे 1961 मध्ये महाराणी झाल्या. 1971 च्या डिसेंबरमध्ये सव्विसाव्या घटनादुरुस्तीने तनखे आणि मान्यता दोन्ही गेल्या. त्यानंतर वस्त्रे देणारे कुणी राहिले नाही.

एक विनंती करून थांबतो, आरतीची वेळ झाली आहे. आपल्यापैकी काहींच्या माळ्यावर, ट्रंकेत मोडीतली दत्तकपत्रे, वाटणीपत्रे, सनदांच्या नकला पडून असतील. रद्दीत टाकण्याआधी त्या आम्हांला एकदा पाहू द्याव्यात. गटातल्या दोघांना मोडी वाचता येते, कागद घरी येऊन पाहू, छायाचित्र घेऊ आणि कागद तिथेच ठेवून येऊ.