बुरख्यामागची माणसं



अमेरिका म्हणजे सुधारलेला देश, असं आपण समजतो. पण १८६५ साली तिथली गुलामगिरी कायद्याने संपली आणि लगेच टेनेसी राज्यातल्या पुलास्की गावी, युद्धात हरलेल्या गोऱ्या सैनिकांनी ‘कु क्लक्स क्लॅन’ काढली. काळ्या माणसाने मत देऊ नये, शिकू नये, म्हणून तोंडाला बुरखे बांधून रात्री झोडपायचं, जाळायचं, ठार मारायचं. १८७१ ला सरकारने कायदा करून ती मोडली. १९१५ ला जॉर्जियात ती पुन्हा उभी राहिली, एका सिनेमाने चेव आणला म्हणून! बाबासाहेब तेव्हा न्यूयॉर्कला कोलंबिया विद्यापीठात शिकत होते. १९२५ ला तर हजारो क्लॅनवाले राजधानी वॉशिंग्टनमध्ये मिरवले. तेव्हा बुरख्याचीही गरज उरली नव्हती.

आता एका आईची गोष्ट ऐका. १९८१, अलाबामातलं मोबील शहर. १९ वर्षांचा मायकल डोनाल्ड सिगारेट आणायला बाहेर पडला. त्याचा गुन्हा काय? रंग काळा. क्लॅनवाल्यांनी त्याला पळवून मारलं आणि प्रेत झाडाला लटकवलं. त्याची आई, ब्यूला मे डोनाल्ड, गप्प बसली नाही. खुन्यांना शिक्षा झालीच, पण तिने अख्ख्या संघटनेवर दावा लावला. १९८७ मध्ये सगळ्या गोऱ्या ज्यूरीने ७० लाख डॉलर भरपाई ठरवली. एवढा पैसा संघटनेकडे कुठला? टस्कलूसातली कचेरीची इमारत तिच्या नावावर करून द्यावी लागली. ती विकून त्या माऊलीने आयुष्यात पहिल्यांदा स्वतःचं घर घेतलं.